मराठीत विषय लिहिलेले मेल

दिवाळी अंकासाठी नोकरीतल्या गमतीजमती लिहून द्या, असा निरोप आला तेव्हा मी लगेच हो म्हणालो. गमती पुष्कळ आहेत. आमच्या एका प्राचार्यांनी मला फोन करून सांगितलं होतं, "जाधव, रागाच्या भरात आत्ताच एक मेल गेलाय माझ्याकडनं. सातारा सोडायच्या आत अडवा." एक विभागप्रमुख आलेला प्रत्येक मेल छापून घ्यायचे, त्या कागदाच्या समासात शाईनं उत्तर लिहायचे, कागद फायलीला लावायचे आणि पंधरा दिवसांनी मला विचारायचे, "समोरच्याचं काही कळलं का हो?" हे किस्से मी लग्नकार्यात बसल्या बसल्या कितीदा सांगितलेत आणि लोक हसलेत.

पण लिहायला बसलो आणि तिसऱ्या ओळीला हात थांबला. हसण्यासारखं होतं ते सगळं दुसऱ्यांचं होतं. माझं स्वतःचं जे आहे ते हसण्यासारखं नाही. सात वर्षं ते मी कुणालाच सांगितलं नव्हतं, बायकोलासुद्धा नाही. या उन्हाळ्यात, ज्यांना सांगायला हवं होतं त्यांना जाऊन सांगितलं. त्यांच्या परवानगीनं इथं लिहितो आहे. परवानगी देताना त्या एवढंच म्हणाल्या, "माझं नाव बदला. तुमचं बदलू नका."

मी फौजेत सिग्नलमध्ये, म्हणजे संदेश पोचवणाऱ्या दलात होतो. तिथून निवृत्त होऊन साताऱ्याला आलो आणि एका शिक्षणसंस्थेच्या संगणक विभागात लागलो. संस्थेच्या शाळा आणि कॉलेजं सातारा, सांगली अशा दोन जिल्ह्यांत पसरलेली, मुख्य कचेरी साताऱ्यात. कचेरीच्या तळमजल्यावर एका खोलीत आमचा मेल सर्व्हर होता. नाव मोठं वाटतं, पण ते एक साधंच यंत्र. संस्थेच्या पत्त्यावर कुणीही मेल पाठवला की तो आधी या यंत्रात यायचा. आत बरेच प्रोग्रॅम बसलेले. एक मेल घ्यायचा, दुसरा पत्ता खरा आहे का बघायचा, तिसरा मेल चाळायचा, कचरा वाटला तर वेगळ्या कप्प्यात टाकायचा, आणि चौथा उरलेला मेल ज्याच्या त्याच्या पेटीत नेऊन ठेवायचा.

आता लायब्ररी म्हणजे काय ते सांगतो, कारण पुढचं सगळं त्यावरच अडलेलं आहे. माझ्या गावात देवळामागच्या खोलीत गावकीची भांडी असायची. मोठी पातेली, पराती, झारे. कुणाच्या घरी कार्य निघालं की तो तिथून न्यायचा. प्रत्येकानं घरी शंभर माणसांचं पातेलं घेऊन ठेवायची गरज नव्हती. संगणकातही तसंच असतं. अक्षरं वाचणं, कुलूपबंद मजकूर उलगडणं, यादीत नाव शोधणं ही कामं सगळ्याच प्रोग्रॅमना लागतात. म्हणून ती एकदाच लिहून वेगळ्या फायलींत ठेवतात आणि सगळे प्रोग्रॅम त्या वापरतात. या सामायिक लायब्ररी. प्रत्येक फाइलच्या नावाशेवटी एक आकडा असतो. पाच नंबरची लायब्ररी मागणाऱ्या प्रोग्रॅमला पाचच नंबरची लागते. सहा नंबरची आली म्हणजे आतली मापं बदललेली असतात.

या कामात मी बरा होतो, हे सांगायला मला अजूनही आवडतं. एकदा वीज जाऊन यंत्र बंद पडलं आणि परत सुरू केल्यावर मेल काही चालेना. कचेरीत सगळे म्हणायला लागले, विजेच्या धक्क्यानं यंत्र जळलं. मी नोंदवही वाचली. संगणक आपण होऊन जी नोंद ठेवतो ती. त्यात स्पष्ट लिहिलं होतं की अमुक लायब्ररी सापडत नाही. ती फाइल महिनाभरापूर्वीच्या एका साफसफाईत उडाली होती. पण चालू असलेला प्रोग्रॅम आपली भांडी हातात धरून बसलेला असतो, खोली रिकामी झाली तरी त्याला पत्ता नसतो. वीज गेली, हात सुटला, परत आला तर खोलीत काही नाही. अर्ध्या तासात मी ती फाइल परत आणली. सचिवसाहेबांनी चार लोकांत पाठ थोपटली. त्यानंतर सांगलीच्या कॉलेजात मी एक प्रशिक्षण घेतलं आणि फळ्यावर मोठ्या अक्षरात लिहिलं की लायब्ररीचा नंबर जुळत नसेल तर प्रोग्रॅम नव्या मापानं परत बांधून घ्या, नावं बदलून वेळ मारून नेऊ नका.

हे मी फळ्यावर लिहिलं होतं. मीच.

सात वर्षांपूर्वीची गोष्ट. शनिवारची दुपार होती. घरची मंडळी औंधला यमाईच्या दर्शनाला निघायची होती आणि गाडी कचेरीच्या फाटकाशी येऊन उभी होती. जायच्या आधी यंत्राचे नेहमीचे सुधार, म्हणजे अपडेट, चढवून टाकावेत म्हणून मी बसलो. चढवले, आणि मेल चाळणारा प्रोग्रॅम बंद पडला. एलडीडी नावाची एक आज्ञा आहे, ती दिली की प्रोग्रॅमला कोणकोणत्या लायब्ररी लागतात आणि त्यातली कोणती मिळत नाही, ते ओळीनं दिसतं. एका ओळीसमोर 'सापडत नाही' आलं. चाळणीला पाच नंबरची लायब्ररी हवी होती, अक्षरं उलगडणारी. सुधारात ती जाऊन सहा नंबरची आली होती.

खरा उपाय म्हणजे चाळणी नव्यानं बांधून घेणं. दीड-दोन तासांचं काम, वर तपासणी. बाहेर हॉर्न वाजला. शोभाचा, म्हणजे माझ्या बायकोचा, फोन आला, "आवं, निवद गार होतोय. येताय ना?"

मी सहा नंबरच्या फाइलला पाच नंबरचं नाव देऊन एक दुवा करून टाकला. चाळणी सुरू झाली. इंग्रजीत 'टेस्ट' असा विषय लिहून एक मेल पाठवला, तो पोचला. सोमवारी नीट करू असं म्हणून खोलीला कुलूप लावलं. सोमवारी सगळं चालू होतं, म्हणून मी ते उघडलंच नाही. पुढच्या सोमवारीही नाही.

काय बिघडलं होतं ते आता सांगतो, तेव्हा मला ते माहीत नव्हतं. इंग्रजी अक्षरं दोन्ही लायब्ररी सारखीच उलगडत होत्या. मराठी अक्षरांची मापं मात्र बदलली होती. मेलचा विषय मराठीत लिहिलेला असला की चाळणीच्या हातात नुसता राडा यायचा. तिला तो कचरा वाटायचा आणि तो मेल ती बाजूच्या कप्प्यात टाकायची. ज्यानं पाठवला त्याला काही कळायचं नाही, ज्याला पाठवला त्यालाही नाही. कप्प्यात काय पडलं त्याची यादी रोज सकाळी माझ्याच पेटीत यायची. त्या याद्या परस्पर एका फोल्डरात जातील अशी सोय मी कधीच करून ठेवली होती, आणि ते फोल्डर मी वर्षभरात उघडलं नव्हतं.

प्राध्यापक, प्राचार्य, सचिव, ही सगळी मंडळी विषय इंग्रजीत लिहायची. त्यांचे मेल जात होते. मराठीत विषय कोण लिहायचं? शिपाई, पालक, खेड्यातली पोरं-पोरी, शाळांतले शिक्षक.

पहिल्यांदा हे लक्षात आलं ते सांगलीच्या मगदूमांच्या. ते तिथल्या कॉलेजात लेखनिक होते, माझ्यापेक्षा थोडे लहान, काम चोख. त्यांचा फोन आला.

"जाधवसाहेब, आमच्याकडं मराठीतलं मेल येईनात बगा. इंग्रजीतलं येत्यात."

"फॉन्टचा घोळ असेल तुमच्या मशीनवर."

"आवं फॉन्ट नसला तर चौकोन-चौकोन दिसत्यात. हितं मेलच न्हाई."

त्यांचं म्हणणं अगदी बरोबर होतं. फॉन्ट नसेल तर अक्षरं बिघडतात, मेल नाहीसा होत नाही. पण लेखनिकानं मला सर्व्हर शिकवावा हे मला खपलं नाही. मी म्हणालो, "मगदूम, सर्व्हर माझ्याकडं आहे. तुमचं तुम्ही बघा." ते "बरं बरं, चुकलं आमचं" म्हणाले आणि फोन ठेवला. मग मी आपलं समाधान म्हणून एक मेल पाठवून पाहिला. पुन्हा इंग्रजीतच.

त्यानंतर आठ-दहा दिवसांनी सचिवसाहेबांच्या खोलीत बैठक झाली. मेलचं काम बाहेरच्या कंपनीला द्यावं असं काही जणांचं म्हणणं होतं. मी उभा राहून बोललो. म्हणालो, "साहेब, इतक्या वर्षांत आपल्या सर्व्हरवर एक मेल हरवलेला नाही. फौजेतला माणूस आहे मी. संदेश पोचवणं ही माझी जबाबदारी." लोकांनी टेबल वाजवलं. विषय पुढे ढकलला गेला.

त्याच आठवड्यात सुनंदा खरात नावाच्या बाई कचेरीत आल्या.

खरात बाई वडूजच्या आमच्या शाळेत मराठी शिकवायच्या, कंत्राटावर. अकरा वर्षं. माहेर माण तालुक्यातलं, वडिलांनी मेंढरांमागं फिरत या मुलीला एम.ए. केलेलं. अकरा वर्षांनी कायम पदाच्या यादीत त्यांचं नाव पहिलं लागलं होतं. संस्थेनं त्यांना मेल पाठवला होता की आठ दिवसांत मेलनंच संमती कळवा, नाही कळवली तर पद पुढच्या उमेदवाराला जाईल. आठ दिवस उलटले आणि पद यादीतल्या दुसऱ्या नावाला, सांगलीकडच्या एका शिक्षकांना देण्यात आलं. बाईंना ते शाळेत कळलं, तशा त्या मिळेल त्या एसटीनं साताऱ्याला आल्या.

सचिवसाहेबांनी मला वर बोलावलं. बाई खुर्चीवर न बसता उभ्या होत्या. हातात त्यांनी पाठवलेल्या मेलची छापील प्रत होती. विषयाच्या जागी लिहिलं होतं, 'कायम पदासाठी संमतिपत्र'. खाली चार ओळी, शुद्ध, नेटक्या. तारीख तिसऱ्या दिवसाची.

"जाधव," साहेब म्हणाले, "या बाई म्हणतात मेल पाठवलाय. आपल्याकडं आलाय का तेवढं बघून सांगा. आला असेल तर मला आदेश थांबवावा लागेल. अजून ते गृहस्थ हजर झालेले नाहीत."

मी खाली आलो. नोंदवहीत बाईंचा पत्ता शोधला. सापडायला मिनिटसुद्धा लागलं नाही. तिसऱ्या दिवशी सकाळी सव्वादहाला मेल आला होता. पुढच्या ओळीत चाळणीचा शेरा होता, कचरा, कप्प्यात टाकला. मी कप्पा उघडला. बाईंचा मेल तिथं होता, आणि त्याच्या वर-खाली पानंच्या पानं, सगळे विषय मराठीत. 'आईच्या आजारपणामुळे रजेबाबत.' 'बोनाफाइड दाखल्याची विनंती.' 'वसतिगृहातील पाण्याबाबत तक्रार.' मला एका झटक्यात सगळं उलगडलं. औंधचा शनिवार, मगदूमांचा फोन, सगळं.

मेल सोडायला एक बटण दाबायचं होतं. वर जाऊन, साहेब, मेल आलेला आहे, चूक माझी आहे, एवढं म्हणायचं होतं. साहेब रागावले असते. बैठकीत टेबल वाजवणारे हसले असते. बाहेरच्या कंपनीचा विषय परत निघाला असता. याहून जास्त काही झालं नसतं, हे मला आज कळतं. तेव्हा मला फक्त बैठकीतला माझा आवाज ऐकू येत होता.

मी जिना चढून वर गेलो आणि म्हणालो, "साहेब, सर्व्हरवर नोंद नाही. मेल आलेला नाही."

बाई म्हणाल्या, "पण सर, मी पाठवलाय. हे बघा ना."

साहेबांनी माझ्याकडं पाहिलं. तिथं थांबलो असतो तरी थोडं बरं झालं असतं. पण मी पुढं बोललो. समजावणीच्या सुरात बोललो. म्हणालो, "बाई, बऱ्याच जणांचं होतं असं. पाठवा हे बटण नीट दाबलं गेलं नाही तर मेल तिथंच राहतो. गेला की एक बारीक आवाज येतो. तो आला होता का तुम्हाला?"

बाई आठवून बघत होत्या. मग हळू आवाजात म्हणाल्या, "आवाजाचं नाही आठवत मला. माझंच चुकलं असेल. मला हे नीट जमत नाही."

साहेब हळहळले. "संस्था तरी काय करणार बाई," म्हणाले. बाईंनी दोघांना नमस्कार केला, मलाही केला, आणि गेल्या.

त्या संध्याकाळी सहाच्या आत मी चाळणी नव्यानं बांधली, खोटा दुवा काढून टाकला आणि मराठी विषयाचा मेल पाठवून तपासलं. पोचला. कप्प्यातले मेल मात्र मी सोडले नाहीत. एकदम सगळे बाहेर पडले असते तर लोकांनी विचारलं असतं, हे इतके दिवस कुठं होते? कप्प्यातला मेल तीस दिवसांनी आपोआप पुसला जायचा. मी काही केलं नाही. एकेक दिवस जात राहिला आणि एकेक मेल पुसला गेला. त्यांतल्या कुणाच्या आईला काय झालं, वसतिगृहातलं पाणी आलं की नाही, मला माहीत नाही.

पुढच्या वर्षी संस्थेनं मेलचं काम बाहेरच्या कंपनीला दिलंच. बैठक दहा मिनिटांत संपली. मला कुणी काही विचारलं नाही.

मी दोन वर्षांपूर्वी निवृत्त झालो. खरात बाईंचा विचार मनात यायचा, नाही असं नाही. तेव्हा मी स्वतःला सांगायचो की पुढच्या यादीत लागल्या असतील, अकरा वर्षं झालेल्या माणसाला कोण डावलतंय. चौकशी मात्र कधी केली नाही. चौकशी केली असती तर कळलं असतं.

या वर्षी मार्चमध्ये मगदूम निवृत्त झाले. सांगलीला त्यांचा निरोपसमारंभ होता, मला पाहुणा म्हणून बोलावलं होतं. भाषणात मगदूम म्हणाले, "जाधवसाहेबांकडनं लय शिकलो. एकदा मी त्यांच्या सर्व्हरवर शंका घेतली हुती. साहेबांनी सांगितलं, तुमचं मशीन बगा. खरंच माझं मशीन जुनं हुतं. तवापास्नं मी पैलं माझं तपासतो, मग दुसऱ्याचं." सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मी हसलो. गळ्यात हार होता.

जेवताना ते शेजारी बसले. बोलता बोलता म्हणाले, "त्या वडूजच्या खरात बाई आठवत्यात का? ज्यांचं पद हुकलं त्या. ज्यांना ते मिळालं ते सर आमच्याच कॉलनीत ऱ्हात्यात, त्यांनाबी वाईट वाटतंय. बाईंची शाळेतली तुकडी बंद झाली, दोन वरसांनी त्यांना काढलं. आता इंग्रजी शाळेत बारक्या पोरांना मराठी शिकिवत्यात. एका मेलपायी गड्या, एका मेलपायी."

मी पानावरून उठलो.

त्यानंतरही तीन आठवडे घेतले मी. मग एका रविवारी सकाळी पुसेगावमार्गे जाणाऱ्या वडूजच्या एसटीत बसलो. शोभाला आदल्या दिवशी सांगितलं होतं. तिनं सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "त्या दिवशी हॉर्न मीच वाजवत होते." मी म्हणालो, "तुझा काही संबंध नाही." तिला ते पटलं की नाही कोण जाणे.

बाईंचं घर बाजारपेठेच्या मागं, दोन खोल्या आणि पुढं पत्र्याची ओसरी. ओसरीत एक म्हातारी सुपात हुलगे निवडत बसली होती. बाईंच्या सासूबाई. त्यांनी आत हाक मारली, "सुनंदे, कोन आलंय बग गं." बाई बाहेर आल्या. मला ओळखलं. "जाधव सर ना? बसा." मग सासूबाईंना म्हणाल्या, "आत्या, साताऱ्याचं साहेब हायत, संस्थेतलं." त्यांनी मला आतल्या खोलीत नेलं.

मी पाणी न घेताच सांगायला सुरुवात केली. शनिवारपासून सगळं सांगितलं. लायब्ररीचं सांगताना अडखळलो, त्या म्हणाल्या, "ते कळलं. पुढं सांगा." पुढचं सांगून झालं तेव्हा त्या भिंतीला टेकून उभ्या होत्या.

"तुम्ही वर आलात तेव्हा तुम्हाला माहीत होतं?"

"हो."

"मला आवाजाचं विचारलंत, तेव्हा?"

"हो."

"सर," त्या म्हणाल्या, "मी अजून मेल पाठवला की समोरच्याला फोन करते. पोचला का म्हणून. शाळेतल्या तरुण मुली हसतात मला. स्वतः पाठवतच नाही आता शक्यतो, दुसऱ्याला पाठवायला सांगते. म्हटलं, आपल्या हाताला ते नाहीच."

मी हात जोडले. त्यांनी तिकडं पाहिलं नाही. कपाटातून वहीचा एक आखीव कागद काढला, पेन दिलं आणि म्हणाल्या, "लिहून द्या."

मी लिहिलं. कचेरीत आयुष्य गेलेलं, हाताला तीच सवय. 'सदर ई-मेल तांत्रिक कारणास्तव प्राप्त होऊनही निदर्शनास न आल्याने गैरसमज झाला.' बाईंनी कागद घेतला, टेबलावरचं लाल पेन उचललं.

"तांत्रिक कारण म्हणजे कोण?"

त्यांनी पुढचे शब्द मोठ्यानं वाचले.

"निदर्शनास न आल्याने. तुम्ही तर पाहिला होता ना?" त्यांनी त्या शब्दांखाली रेघ मारली. "आणि गैरसमज कुणाचा झाला? यात कर्ता कुठंच नाही सर. परत लिहा."

दुसऱ्या वेळी मी लिहिलं, 'माझ्याकडून चूक झाली.' त्यांनी 'झाली' या शब्दाला गोल केला. "पाऊस झाला, सकाळ झाली. चूक अशी होत नाही." आवाज चढलेला नव्हता. वर्गात चुकलेल्या पोराला सांगावं तसं सांगत होत्या.

तिसऱ्या वेळी मी लिहिलं, 'खरात बाईंचा मेल तिसऱ्याच दिवशी आला होता. मी तो पाहिला. स्वतःची चूक लपवण्यासाठी आला नाही असं मी खोटं सांगितलं. दोष बाईंचा नव्हता.' खाली सही केली.

त्यांनी दोनदा वाचलं. कुठं रेघ मारली नाही.

या पत्राचं पुढं काय झालं ते इथंच सांगून टाकतो. त्याची एक प्रत मी स्वतः संस्थेत नेऊन दिली. नवे सचिव म्हणाले, "जाधव, तुम्ही सन्मानानं निवृत्त झालात. हे कशाला उकरताय?" मी पोच मागितली, त्यांनी दिली. बाईंनी त्या पत्रावर सेवाज्येष्ठतेसाठी अर्ज केलाय. अर्ज कागदावर केलाय आणि स्वतः मेलनंही पाठवलाय. अजून उत्तर नाही. त्यांचं वय बघता फार काही हाती लागेल असं वकिलांना वाटत नाही.

त्या दिवशी पत्र झाल्यावर मला वाटलं, आता निघावं. मी उठलो. बाई म्हणाल्या, "अजून एक काम आहे. बाहेर या." ओसरीत म्हातारीसमोर त्यांनी मला तो कागद परत दिला. "आत्यांना वाचून दाखवा. मी सांगितलं तर त्यांना वाटेल मी शिकवलंय."

मी वाचलं. चार वाक्यं. म्हातारीला पहिल्यांदा नीट कळलं नाही. त्यांनी विचारलं, "म्हंजी हिनं धाडलं हुतं?"

"हो आजी. वेळेत धाडलं होतं."

"आन बटन?"

"बटण बरोबर दाबलं होतं. त्यांचं काही चुकलं नव्हतं."

"आन तुमी दडवलंसा?"

"हो."

म्हातारी माझ्याकडं बघत राहिली. सुपातला हात तसाच राहिला होता. मग तिनं नजर माझ्यावरून काढली आणि सुनेकडं वळवली.

"आन मी तुला..." ती म्हणाली.

"ऱ्हाऊ द्या आत्या," बाई म्हणाल्या.

"न्हाई गं. दारात आलेल्या परत्येक मान्साला सांगितलं मी. एवडी शिकली आन बोटभर बटन दाबता आलं न्हाई. तुझा बा मराय टेकला हुता तवा त्येलाबी सांगितलं."

म्हातारी भिंतीला धरून उठली आणि आत गेली. बाई तिच्यामागं गेल्या. मला कुणी जा म्हणालं नव्हतं आणि बसाही म्हणालं नव्हतं. मी कागद सुपाशेजारी ठेवला आणि पायात चपला अडकवल्या. आतून म्हातारीच्या रडण्याचा आवाज आला. सात वर्षं सुनेला लावलेला बोल तिला आता आठवत होता, आणि तो बोल तिच्या तोंडी मी घातला होता.